चार दिवसांचं वर्ष

२ मार्च १९९७, रविवार

आसावरी कालपासून धड जेवलेली नाही. विचारलं की "भूक नाही" एवढंच. शेवटी दुपारी कढीभात कालवून ताट सरळ तिच्या टेबलावरच्या कागदांवर ठेवलं, तेव्हा कुठे तोंड उघडलं.

"आई, माझा ग्रह गेला."

मला वाटलं पत्रिकेतलं काही बोलतेय. मग तिनं समजावून सांगितलं. दीड वर्षापूर्वी परदेशातल्या दोघांनी शोधून काढलं होतं की आपल्या सूर्यासारख्याच एका दूरच्या ताऱ्याभोवती एक ग्रह फिरतो. आपल्या गुरूसारखा मोठा, पण त्याच्या सूर्याला इतका चिकटून की चार दिवसांत त्याचं वर्ष संपतं. तेव्हा ही नाचत घरी आली होती, गांधी बझारातून म्हैसूरपाक घेऊन. त्यावरच तिची पीएचडी चालू आहे, इथल्याच कोरमंगल्याच्या खगोलशास्त्र संस्थेत. आता कॅनडातल्या एका मोठ्या शास्त्रज्ञानं छापलंय की ग्रहबिह काही नाही, तो तारा स्वतःच श्वास घेतल्यासारखा आतबाहेर होतो, आणि लोकांना वाटलं कुणीतरी त्याला ओढतंय.

"पण ग्रह दिसला नव्हता का?"

"ग्रह दिसत नाहीच गं. मी लहान असताना माझे हात धरून मला गरगर फिरवायचीस ना, तेव्हा तूही थोडी हलायचीस. लांबून कुणाला मी दिसले नसते, पण तुझं हलणं दिसलं असतं. तसं."

तिचे गाइड जयसिंगराव सर म्हणाले, विषय बदल. दीड वर्ष गेलं ते गेलं.

खरं लिहायचं तर मला आतून बरंच वाटलं. अठ्ठाविसावं लागलंय तिला. हे असते तर इतकी वर्षं थांबू दिलं असतं का? ग्रह गेला तर गेला. आता तरी मुलगी मोकळी होईल.

२९ मार्च, शनिवार

सगळी गल्ली संध्याकाळी गच्चीवर. सूर्य बुडाला की वायव्येला धूमकेतू दिसतो, शेपूट पसरून. शेजारपाजारचे आसावरीला "अक्का, तोरसी", दाखवा ना, म्हणून ओढत नेतात आणि ती दाखवते, हसत. खाली आली की पुन्हा गप्प.

राजलक्ष्मीवन्सं आल्या होत्या. धूमकेतू बघायला म्हणून, पण पर्समध्ये फोटो होता. मुलगा पुण्याचा, ध्रुव नाव, कोरमंगल्यात खोली घेऊन राहतो, सॉफ्टवेअरमध्ये आहे, ऑगस्टमध्ये अमेरिकेला जाणार. त्याआधी लग्न उरकायचंय त्यांना. वन्सं म्हणाल्या, "वहिनी, आता तो ग्रह आडवा नाही, तर हो म्हणून टाका." मी म्हटलं, सरी, बरं, येऊ देत.

आसावरीला सांगितलं. "बरं" म्हणाली. ती भांडली असती तर मला सोपं गेलं असतं.

१३ एप्रिल, रविवार

आज जे झालं ते मला अजून कळत नाही.

ध्रुव आणि त्याची आई श्यामलाबाई आले होते, वन्संना घेऊन. मुलगा नीट आहे. उगाच नावं ठेवणार नाही. आल्यावर चप्पल सरळ ठेवली, दोनदा पाणी मागितलं तेही संकोचून. श्यामलाबाईंनी घर बघितलं, माझ्या पोस्टातल्या नोकरीची चौकशी केली, यांच्या फोटोला नमस्कार केला. सगळं छान चाललं होतं.

मग ध्रुव म्हणाला, "मी पेपरमध्ये वाचलं, तुझा तो प्लॅनेट फॉल्स अलार्म निघाला ना? म्हणजे टेक्निकली तू आता फ्री आहेस."

तो वाईट हेतूनं म्हणाला नाही. पण श्यामलाबाई हसल्या. "बरंच झालं बाई. नसलेल्या गोष्टीमागे पोरीनं किती वर्षं घालवायची!"

आसावरी मान खाली घालून बशीतला चमचा फिरवत होती. आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "ग्रह आहे."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. वन्संनी डोळे मोठे केले. मला थांबता येईना. "आहे तो ग्रह. कुणीतरी काही छापलं म्हणून नाहीसा होत नाही. माझ्या मुलीला काय फ्री-बिरी व्हायचं नाहीये. तिचं काम अर्धं आहे."

त्यानंतर शिरा कुणी घेतला नाही.

१४ एप्रिल

वन्संचा फोन. त्यांनी नकार कळवलाय. वन्सं चिडल्या आहेत, आणि बरोबर आहे त्यांचं.

सकाळी पोस्टात जाण्यापूर्वी मी आसावरीला विचारलं, "आहे ना गं तो?"

म्हणाली, "माहीत नाही."

"माहीत नाही? मी काल चार माणसांसमोर…"

"मी कुठे म्हटलं होतं तो आहे म्हणून? असेल. नसेल. मला बघायचंय, आई. त्यांनी एकदा म्हटलं आणि सगळ्यांनी माना हलवल्या. कुणी पुन्हा बघितलंच नाही."

मग पातेलं घासताघासता म्हणाली, "पण तू म्हणालीस ते बरं वाटलं."

दिवसभर काउंटरवर माझे शिक्के वाकडे पडत होते. मी पोरीचं चांगलं स्थळ घालवलं, आणि तेही अशा गोष्टीसाठी की जिची ती स्वतःही खात्री देत नाही.

१४ जून, शनिवार

जयसिंगराव सर घरी आले! न कळवता. मी अवलक्कीला, पोह्यांना, फोडणी देत होते, तशीच त्यांना बशी दिली. मूळचे मुधोळकडचे, मराठी आपल्यासारखंच, मध्येच कन्नड सूर. आसावरी घरी नव्हती. बहुधा ते बघूनच आले.

"ताई, तुमची मुलगी हुशार आहे म्हणून सांगायला आलो. ती संस्थेची डोंगरावरची लहान दुर्बीण मागतेय. म्हणते, तारा आतबाहेर होत असेल तर त्याचा उजेडही त्याच तालात कमीजास्त व्हायला हवा, ते मी मोजते. कल्पना बरी आहे. पण त्यानं सगळं सिद्ध होत नाही. तिकडे परदेशात डोंगराएवढ्या दुर्बिणी आहेत. लोक हसतील."

"कुणाला?"

"तिला. आणि मलाही."

मी म्हटलं, "तुमचं तुम्ही बघा, सर. तिला हसले तर ती सोसेल. लग्न होऊन दोन महिने झाले नव्हते तेव्हा मी काउंटरवर बसले, तर ही सगळी गल्ली हसली होती. हसणारे कुठे गेले माहीत नाही. काउंटरवर मी अजून बसते."

त्यांनी बशीतली अवलक्की संपवली. मग म्हणाले, "म्हणजे घरातून तिला कुणी थांबवणार नाही? मध्येच लग्न ठरलं, काम सोडलं, असं?"

"नाही."

"नक्की?"

"सर, कॉफी गार होतेय."

कॉफी प्यायले, अवलक्की पुन्हा मागून घेतली आणि गेले. एवढा मोठा माणूस, पण बाईमाणसाचं उत्तर एकदा ऐकून पटत नाही त्यांना. मला फार राग आला.

२७ जून

दुर्बीण मिळाली! सप्टेंबरपासून, दर महिन्याला काही दिवस. सर आसावरीला एवढंच म्हणाले, "कमिटीनं दिली, मला विचारू नकोस." सर स्वतःच त्या कमिटीत आहेत म्हणे, पण त्यांचा विरोध असूनही मिळाली, म्हणजे बघा. मी दोड्ड गणपतीला लोण्याच्या लेपाचा नवस बोलले होते, त्याचंच हे.

१५ ऑगस्ट

स्वातंत्र्याची पन्नास वर्षं. पोस्टात झेंडा, लाडू. घरी आल्यावर आसावरी म्हणाली, त्या ताऱ्याचा उजेड आपल्यापर्यंत यायला पन्नास वर्षं लागतात. म्हणजे आता दिसतो तो उजेड त्या वर्षी निघालेला, मी फ्रॉकमध्ये धारवाडच्या अंगणात होते तेव्हा. मी म्हटलं, आणि तिकडे चार दिवसांचं वर्ष. तिथल्या पोस्टात मी कधीच रिटायर झाले असते.

आज पुष्कळ दिवसांनी मोठ्यानं हसली.

१२ ऑक्टोबर, रविवार

आमचं भांडण झालं. घरात कधी इतका आवाज चढला नव्हता.

डोंगरावरून ती आज आली, बरोबर रोशन होता. हा संस्थेतलाच मुलगा, बिदरचा, यंत्रांचं काम करतो. त्याच्या कामाचा त्या दुर्बिणीशी काही संबंध नाही, तरी रजा काढून प्रत्येक वेळी मदतीला जातो. बसमध्ये तिची पेटी उचलतो, तिला कॉफीत साखर अर्धाच चमचा लागते हेही त्याला ठाऊक. अशी परोपकारी मुलं आता राहिली नाहीत.

दोघांचे चेहरे पडलेले. पावसाळी ढगांतून मिळाल्या तेवढ्या रात्रींची मापं काढली, तर ताऱ्याचा उजेड खालीवर होतोय. शेजारच्या एका ताऱ्याशी ताडून बघतात, त्यात फरक पडतोय. आणि जवळजवळ त्याच चार दिवसांच्या तालात.

"म्हणजे कॅनडावाला खरा," आसावरी म्हणाली.

मला एकदम श्यामलाबाईंचं हसणं आठवलं. मी म्हटलं, "त्या रात्रींची मापं बाजूला ठेव. ढगाळच होतं ना? कुणाला कळणार आहे?"

ती जागची उठली. "आई, काय बोलतेयस तू?"

"मी तुझ्यासाठी लोकांशी भांडले…"

"तू ग्रहासाठी भांडलीस! मी नाही सांगितलं. नसेल तर नाही, असं मीच सगळ्यांसमोर जाऊन सांगेन. ते लपवायचं असेल तर हे सगळं सोडून मी त्या ध्रुवशी लग्न केलेलं काय वाईट होतं?"

रोशन दारात उभा होता. तो न जेवताच गेला. ती खोलीत आहे.

मी चुकीचं बोलले हे मला बोलतानाच कळत होतं. काउंटरवर कुणी मला मागची तारीख मारून द्या म्हटलं तर मी त्याला हाकलते. पण पोर हरताना बघवत नाही हो.

२ नोव्हेंबर, भाऊबीज

शेजारचा तारा! तोच खालीवर होत होता!

आसावरीनं या खेपेला आणखी एक तिसरा तारा घेतला ताडून बघायला. आपला तारा आणि तिसरा, दोघं जागच्या जागी. फरक पडत होता तो शेजाऱ्यात. ती आणि रोशन सगळं उकलत बसले आणि शेवटी हा घोटाळा निघाला. तिनं मला मिठी मारली, माझ्या पिठाच्या हातांसकट.

मग बसून मला म्हणाली, "तुझं ऐकून ती मापं फेकली असती तर मला हे कधी कळलंच नसतं." मी पुन्हा पीठ मळायला लागले.

रोशनला भाऊ नाही, बहीण नाही. सणाला गावीही गेला नाही. त्याला मी फराळाला थांबवलं. म्हटलं, आसावरीकडून ओवाळून घे, तिलाही भाऊ नाही. तर म्हणाला त्याला चकली जड झालीय, आणि बाहेर अंगणातच जाऊन उभा राहिला. आल्यावर मी विचारलं, तुझ्या लग्नाचं बघू का, हुबळीला माझ्या नात्यात एक चांगली मुलगी आहे. त्यानं पोहे अर्धे तसेच ठेवले. पोट खरंच बिघडलं असावं. आसावरी उगाचच माझ्यावर चिडली.

३० नोव्हेंबर, रविवार, डोंगरावर

मीही आले! रजा शिल्लक होती. वन्सं म्हणाल्या, तरुण मुलगी अशी रानात जाते तर तुम्ही एकदा बघून तरी या. त्यांच्या मनात काय होतं ते मला कळलं, पण मी माझ्या कारणानं आले.

काल सूर्य मावळून दीडेक तास झाल्यावर आसावरीनं मला बाहेर अंगणात उभं केलं. मिट्ट अंधार पडला होता. म्हणाली, डोक्यावर बघ, तो चौकोन. त्याच्या पश्चिमेकडच्या बाजूचे दोन तारे म्हणजे आपली पूर्वा भाद्रपदा. त्या दोघांच्या मधोमध, किंचित बाहेर.

मान दुखेपर्यंत बघितलं. आधी काहीच नाही. मग एक बारीक ठिपका. बघायला गेलं की नाहीसा होतो, नजर थोडी बाजूला नेली की पुन्हा आहे.

"एवढासा?" मी म्हटलं.

"एवढासाच. आपला सूर्यही तिथून एवढासाच दिसेल. कुणी बघत असलं तर."

मला काय अपेक्षा होती कोण जाणे. एवढ्या ठिपक्यासाठी घरात भांडण, स्थळ मोडलं, सर येऊन बसले. आणि त्याला त्याचं काहीच नाही. तरी मी तिथून हलेना. थंडी वाजत होती. रोशननं स्वतःचा स्वेटर काढून आसावरीच्या खांद्यावर टाकला आणि मला शाल आणायला आत पळाला.

मग दोघं कामाला लागले. ती आकडे ओरडून सांगते, तो बटणं दाबतो, मध्ये एक शब्द जास्तीचा नाही. किती शिस्तीचं काम!

१९ डिसेंबर, शुक्रवार

आज संस्थेत आसावरीचं व्याख्यान. अर्धी रजा घेऊन गेले, शेवटच्या रांगेत रोशनशेजारी बसले. सगळं इंग्रजीत. शब्द कळले, जोड कधी लागली, कधी नाही. तिनं पडद्यावर ठिपके दाखवले, एका रेषेत, जवळजवळ सरळ. म्हणाली, माझ्या मापापुरतं सांगते, हा तारा चार दिवसांच्या तालात उजळत नाही की मंदावत नाही. माझ्या मापापेक्षा बारीक फरक असेल तर मला दिसणार नाही. हे तिनं स्वतःहून सांगितलं, कुणी विचारण्याआधी.

पुढच्या रांगेतले एक पाहुणे उठले, पांढरे केस, कुठल्याशा मोठ्या विद्यापीठाचे. "मग बाई, ग्रह आहे की नाही?"

"मला माहीत नाही, सर."

लोक हसले. तेही हसले. "मग इतके महिने केलंत काय?"

रोशननं खुर्चीची कड घट्ट धरली होती.

आसावरी म्हणाली, "इतके महिने मी त्या ताऱ्याकडे बघितलं, सर. ग्रह मेला म्हणून ज्यांनी विषय बंद केला, त्यांच्यापैकी इथल्या कुणीही बघितलं नाही. मी ग्रह आहे असं म्हणत नाही. पुरण्याआधी नाडी बघा, एवढंच म्हणते."

हसणं थांबलं. ते पाहुणे काहीतरी जोरात बोलायला गेले, तेवढ्यात जयसिंगराव सर उभे राहून केवढ्यांदा म्हणाले, "पुढचा प्रश्न!" त्या गृहस्थांना बसावंच लागलं. आसावरीला अजून पुष्कळ बोलता आलं असतं. सरांनी मध्येच तोडलं, त्यांचं नेहमीचंच.

पण बोलली! माझी पोर, एवढ्या सगळ्या सुटाबुटांसमोर!

१० जानेवारी १९९८, शनिवार

आसावरी दुपारीच घरी आली. चप्पल काढता काढता म्हणाली, "आई, ग्रह आहे."

त्या कॅनडाच्याच शास्त्रज्ञानं पुन्हा मापं घेतली, आधीपेक्षा नीट. आणि स्वतःच छापलं की आधी दिसलं होतं ते आता दिसत नाही, तारा आतबाहेर होत नाही, ग्रहच असावा.

मी आधी देवापुढे दिवा लावला आणि मग श्यामलाबाईंचा नंबर शोधायला लागले. आसावरीनं रिसीव्हर माझ्या हातातून काढून घेतला.

"आई, त्या माणसाचा विचार कर. सगळ्या जगासमोर स्वतःचं म्हणणं मागे घेतलं त्यानं."

"आणि तुझ्या मापांचं काय? त्यांचं नाव कुठे आलं त्यात?"

"कुठेच नाही. त्यांना माहीतही नाही."

"मग उपयोग काय झाला एवढ्याचा?"

तिनं रिसीव्हर जागेवर ठेवला. "त्यानं उलटं छापलं असतं ना, तरी मला माझं काय दिसलं ते सांगता आलं असतं. कुणाच्या कागदावर विसंबून राहावं लागलं नसतं."

मला हे पटायला वेळ लागला. आनंद तिच्यापेक्षा मलाच जास्त झाला होता, आणि राग पण.

१४ जानेवारी, संक्रांत

कमिटी बसली होती म्हणे सोमवारी. आता ग्रह खरा निघाला, तर तिकडचे मोठ्या दुर्बिणीवालेच पुढचं करतील, तू जोडताऱ्यांवर काम कर, असं सांगितलं. म्हणजे ग्रह नव्हता तेव्हाही विषय बदल, आणि आहे तेव्हाही बदल! आसावरीनं साफ नाही म्हटलं. म्हणाली, सूर्यासारखे पुष्कळ तारे आहेत ज्यांच्याकडे अजून कुणीच बघितलेलं नाही, मी ते घेते, नाही सापडलं तर नाही सापडलं म्हणून लिहीन. सर तिला सगळ्यांसमोर हट्टी म्हणाले. मग सही केली. करणार नाहीत तर काय, हिनं त्यांच्यापुढे दुसरा रस्ताच ठेवला नाही.

संध्याकाळी हळदीकुंकू. शेजारणींना एळ्ळु-बेल्ला, म्हणजे इकडचा तिळगूळ, वाटला. वन्सं अजून घुश्शातच. सगळ्या बायकांसमोर म्हणाल्या, "ध्रुवचं लग्न झालं हो, मे महिन्यातच. मुलगी न्यूजर्सीला पोचलीसुद्धा. आसावरीचा ग्रह निघाला म्हणे खरा? चला, वहिनींचा शब्द तरी राहिला."

मागच्या वर्षीची मी असते तर यावर फुगले असते. मी म्हटलं, "माझ्या शब्दाला काय अर्थ, वन्सं? मी न बघता बोलले होते. तो नसता ना, तर तेही तिनंच बघून सांगितलं असतं, तुम्हा सगळ्यांच्या समोर उभं राहून. आणि मी तेव्हाही तिच्या शेजारी बसले असते. घ्या, तिळाचा लाडू घ्या."

वन्संनी लाडू घेतला.

आज रोशनची आई आली होती, थेट बिदरहून, रात्रभर बसनं. सणाला येते म्हणून रोशननंच कळवलं होतं. चंद्राबाई नाव, फार गोड बाई. एवढ्या लांबून आसावरीला इरकल साडी घेऊन आल्या, मी नको नको म्हणत होते. तिला स्वयंपाकात काय आवडतं, बिदरची थंडी सोसेल का, सगळं विचारत होत्या. मग हळूच म्हणाल्या, "मुलीचं नक्षत्र कोणतं हो?"

मी म्हटलं, "ती नक्षत्रांवर नाही हो काम करत. सूर्यासारख्या ताऱ्यांवर करते. अजून पुष्कळ वर्षं चालणार आहे तिचं, आणि मध्ये मी कुणालाही येऊ देणार नाही."

चंद्राबाई माझ्याकडे बघतच राहिल्या. रोशनला लाडवाचा ठसका लागला आणि आसावरी पाणी आणायला म्हणून जी स्वयंपाकघरात पळाली, ती हसू थांबेपर्यंत बाहेर आली नाही.